बाण पाठ झाले, ब्रेक राहिले: शरीरक्रियाविज्ञानाच्या तीन धड्यांबद्दल

एप्रिल 2021 मधली गोष्ट. गावाकडे काकांना कोविड झाला होता. ताप उतरला होता आणि ते ओट्यावर बसून माझ्याशी फोनवर गप्पा मारत होते. चुलत भावाने बोटाला ऑक्सिमीटर लावला आणि आकडा सांगितला: 84. काका म्हणाले, "मशीन बिघडलंय गं. मला दम लागत नाहीये, काही नाही. ऑक्सिजन कमी असता तर मला कळलं नसतं का?" आणि मी, तेव्हा बायोकेमिस्ट्रीच्या एमएस्सीच्या शेवटच्या वर्षाला असलेली, भावाला म्हणाले, "सेल बदलून बघ. दुसऱ्या बोटाला लाव."

सेल बदलले. बोटं बदलली. शेजारच्यांचा ऑक्सिमीटर आणला. यात दोन तास गेले. आकडा तिथेच.

काका वाचले, सतरा दिवसांनी घरी आले. पण ते दोन तास माझ्या डोक्यातून जात नाहीत. कारण काकांच्या प्रश्नाचं उत्तर मला अकरावीपासून पाठ होतं. श्वासाची लय ठरवण्यात ऑक्सिजनचा वाटा नगण्य असतो, कार्बन डायऑक्साइडचा मोठा असतो, असं पुस्तकात स्पष्ट दिलेलं आहे. 'नीट' परीक्षेसाठी मी ते पिवळ्या पेनने रंगवलं होतं, त्यावरचे प्रश्न बरोबर सोडवले होते. त्याचा सरळ अर्थ असा, की ऑक्सिजन बराच खाली गेला तरी माणसाला दम लागेलच असं नाही. हा अर्थ मला कधी सुचलाच नव्हता.

सध्या मी पीएचडी करतेय आणि विभागात बीएस्सीच्या मुलांची प्रात्यक्षिकं घेते. त्यांच्या वह्या बघताना लक्षात येतं, की माझ्या बाबतीत झालं ते अपवाद नव्हतं. म्हणून आज माझ्या संशोधनाबद्दल न लिहिता तीन धड्यांबद्दल लिहितेय: रक्त गोठणं, मेदाचं वहन आणि श्वासाचं नियंत्रण. या धड्यांत चुका भरल्यात अशी माझी तक्रार नाही. तक्रार ही आहे, की तिन्ही धडे घटनांचा क्रम शिकवतात आणि नियंत्रण वगळतात. अ पासून ब, ब पासून क, मध्ये बाण. ही साखळी सुरू का होते, किती वेगाने चालते आणि मुख्य म्हणजे थांबते कशी, हे कुठेच येत नाही. आजार तर बहुतेक वेळा तिथेच होतो.

रक्त गोठणं: साखळी थांबते कुठे?

एनसीईआरटीच्या अकरावीच्या पुस्तकात रक्त गोठण्याचं वर्णन अगदी थोडक्यात आहे. जखम झाली की प्लेटलेट आणि इजा झालेल्या ऊती काही घटक सोडतात, विकरांची साखळी सुरू होते, थ्रोम्बोकायनेज तयार होतं, ते प्रोथ्रोम्बिनचं थ्रोम्बिन करतं, थ्रोम्बिन फायब्रिनोजेनचं फायब्रिन करतं आणि फायब्रिनच्या जाळ्यात रक्तपेशी अडकतात. शेवटी एक ओळ: कॅल्शियम महत्त्वाचं असतं. ढोबळमानाने हे बरोबरच आहे. फक्त या आराखड्याचा गाभा पाउल मोराविट्झ यांनी 1905 मध्ये मांडलेला आहे.

बीएस्सीला आलं की यात रोमन आकडे भरतात. फॅक्टर एक ते तेरा, त्यातला सहावा गायब. (सहावा म्हणून ज्याला नंबर दिला, तो पाचव्याचंच सक्रिय रूप निघाला. हे सांगितलं की मुलं पहिल्यांदा हसतात.) मग ती प्रसिद्ध आकृती येते: वर दोन फांद्या, एक 'इन्ट्रिन्सिक', एक 'एक्स्ट्रिन्सिक', खाली दोन्ही एकत्र होऊन फायब्रिन. 1964 मध्ये मॅकफार्लेन यांनी आणि त्याच वर्षी डेव्ही व रॅटनॉफ यांनी स्वतंत्रपणे, एका विकराने दुसऱ्याला चेतवायचं अशी धबधब्यासारखी ही कल्पना मांडली. ती मोठी झेप होती. पण आकृती परीक्षेला दहा मार्कांना येते म्हणून मुलं ती हुबेहूब काढतात, आणि तिच्यावर एकही प्रश्न विचारत नाहीत.

मी दरवर्षी एक प्रश्न विचारते. हिमोफिलिया ए मध्ये फॅक्टर आठ कमी पडतो. तो इन्ट्रिन्सिक फांदीवर आहे. दुसरी फांदी शाबूत आहे. मग रक्त त्या रस्त्याने का गोठत नाही? वर्गात शांतता. हिमोफिलिया त्यांना माहीत असतो, पण बारावीच्या आनुवंशिकतेच्या धड्यातून: राणी व्हिक्टोरियाची वंशावळ, एक्स गुणसूत्र, वाहक आई. त्या माणसाच्या गुडघ्यात रक्त का साचतं, हा प्रश्न दोन धड्यांच्या मधे पडून राहिलेला असतो.

दुसरा प्रश्न त्याहून मजेशीर आहे. फॅक्टर बारा त्याच इन्ट्रिन्सिक फांदीच्या अगदी टोकावर बसलेला. तोच नसेल तर काय होईल? मुलं म्हणतात, सगळ्यात जास्त रक्तस्राव. प्रत्यक्षात फॅक्टर बारा नसलेल्या माणसांना रक्तस्रावाचा त्रास होत नाही. या फॅक्टरचं दुसरं नाव हेगमन फॅक्टर. जॉन हेगमन हे अमेरिकेतले रेल्वे कामगार. शस्त्रक्रियेआधीच्या तपासणीत त्यांचं रक्त काचेच्या नळीत गोठायला फार वेळ लागतोय असं दिसलं. आयुष्यात कधी जास्त रक्त गेल्याचा इतिहास मात्र नव्हता. रॅटनॉफ आणि कोलोपी यांनी 1955 मध्ये ही नोंद प्रसिद्ध केली. पुढे 1968 मध्ये हाड मोडल्यानंतर हेगमन वारले, तेही फुप्फुसात रक्ताची गुठळी जाऊन. ज्याचं रक्त नळीत गोठत नव्हतं, तो माणूस गुठळीने गेला.

म्हणजे काय, तर दोन फांद्यांची आकृती हा नळीतल्या रक्ताचा नकाशा आहे. काचेचा स्पर्श झाला की फॅक्टर बारा जागा होतो. प्रयोगशाळेतल्या पीटी आणि एपीटीटी या दोन चाचण्या समजायला हा नकाशा उत्तम आहे, तिथे तो जरूर शिकवावा. पण शरीरात आपल्या नसा काचेच्या नाहीत. शरीरात सुरुवात होते ती नसेच्या भिंतीबाहेरच्या पेशींवर असलेल्या टिश्यू फॅक्टरने. जखम झाली की तो रक्ताला भेटतो, फॅक्टर सातला सोबत घेतो आणि थोडंसं थ्रोम्बिन बनतं. हे थोडंसं थ्रोम्बिन ठिणगीसारखं. त्याने गुठळी होत नाही. पण ते प्लेटलेटना जागं करतं, फॅक्टर पाच, आठ आणि अकरा यांना चेतवतं, आणि मग प्लेटलेटच्या पृष्ठभागावर थ्रोम्बिनचा मोठा भडका उडतो. दरम्यान, सुरुवातीच्या ठिणगीवर शरीर लगेच पाणी ओततं. टीएफपीआय नावाचं प्रथिन तो रस्ता बंद करतं. म्हणून हिमोफिलियात ठिणगी पडते, भडका उडत नाही, आणि ठिणगी तर विझवलेली असते. हॉफमन आणि मनरो यांनी 2001 मध्ये हे पेशीकेंद्री चित्र नीट मांडलं. त्यालाही आता दोन दशकं उलटून गेली.

पाणी ओतणारं ते प्रथिन म्हणजे ब्रेक. असे ब्रेक अनेक आहेत. अँटिथ्रोम्बिन आहे, प्रोटीन सी आहे, झालेली गुठळी विरघळवणारं प्लाझ्मिन आहे. यातली सगळ्यात सुंदर गोष्ट थ्रोम्बिनचीच. जखमेच्या जागी ते गुठळी करतं. तेच थ्रोम्बिन वाहत वाहत शेजारच्या निरोगी भिंतीवर गेलं, की तिथलं थ्रोम्बोमोड्युलिन त्याला पकडतं आणि मग ते प्रोटीन सी चेतवून गोठणं थांबवतं. एकच रेणू, जागेनुसार काम उलटं. बोट कापल्यावर गुठळी बोटापुरतीच का राहते, सगळ्या अंगभर का पसरत नाही, याचं मोठं उत्तर इथे आहे. धड्यात हा प्रश्नही नाही आणि उत्तरही नाही.

आणि ती कॅल्शियमची ओळ. व्हिटॅमिन के दुसऱ्या कुठल्या तरी प्रकरणात, जीवनसत्त्वांच्या तक्त्यात. प्लेटलेट तिसरीकडे. खरं तर ही एकच गोष्ट आहे. यकृतात फॅक्टर दोन, सात, नऊ आणि दहा बनताना व्हिटॅमिन केच्या मदतीने त्यांच्यावर ऋणभाराचे गट बसतात. जाग्या झालेल्या प्लेटलेटचा पृष्ठभागही ऋणभारित. दोन्ही एकमेकांना चिकटायला मधे धनभार लागतो, तो कॅल्शियम पुरवतं. म्हणून लॅबवाले गोठण्याच्या तपासणीसाठी निळ्या झाकणाच्या नळीत रक्त घेतात. तिच्यातलं सायट्रेट कॅल्शियम पकडून ठेवतं आणि रक्त गोठत नाही. वॉरफरिनची गोळी व्हिटॅमिन केचं हे काम अडवते. लोक तिला रक्त पातळ करणारी गोळी म्हणतात. रक्ताचा दाटपणा तिने बदलत नाही, चिकटण्याची सोय कमी होते. हे कळलं की पालेभाजी एक आठवडा पातेलंभर आणि पुढचा आठवडा अजिबात नाही, असं का करू नये हे आपोआप कळतं. आमच्या ओळखीतल्या एक आजी रक्त पातळ होतंय म्हणून पाणी कमी प्यायच्या. त्यांना हसण्यात अर्थ नाही. त्यांच्या नातवाला विज्ञानात 95 मार्क होते आणि त्यालाही हेच वाटत होतं.

मेदाचा प्रवास: रक्तात सोडला आणि धडा संपला

मेदाचा धडा असा: स्निग्ध पदार्थ पाण्यात विरघळत नाहीत, पित्तामुळे त्यांचे बारीक थेंब होतात, आतड्याच्या पेशीत ते पुन्हा जोडले जातात, प्रथिनाचं वेष्टन लागून कायलोमायक्रॉन बनतात, लसिकावाहिन्यांत जातात आणि शेवटी रक्तात येतात. समाप्त. एनसीईआरटीने 2022 मध्ये अभ्यासक्रमाचा भार हलका करताना पचनाचं हे अख्खं प्रकरणच अकरावीतून काढून टाकलं. म्हणजे आता एवढंही राहिलं नाही.

समजा प्रकरण परत आलं, तर त्यात काय असावं? पहिलं म्हणजे 'का'. साखर आणि अमिनो आम्लं आतड्यातून सरळ यकृताकडे जातात. मेदाने लसिकेचा वळसा का घ्यावा? कारण कायलोमायक्रॉन आकाराने मोठा, आतड्यातल्या केशवाहिन्यांच्या भिंतीतून तो शिरू शकत नाही. लसिकावाहिन्यांच्या भिंती सैल, तिथे वाट मिळते. मग छातीतल्या मोठ्या लसिकावाहिनीतून तो डाव्या खांद्याजवळ शिरेत उतरतो. यकृताला बगल देऊन आधी स्नायू आणि चरबीच्या ऊतींकडे जातो. तिथल्या केशवाहिन्यांच्या भिंतीवर लायपोप्रोटीन लायपेज नावाचं विकर बसलेलं असतं, ते मेद कापून उतरवून घेतं. उरलेला खोका यकृताकडे. लिपिड प्रोफाइलसाठी उपाशीपोटी बोलावतात ते यामुळे: तुपातला शिरा खाऊन गेलात तर हे कायलोमायक्रॉन अजून फिरत असतात, ट्रायग्लिसराइडचा आकडा चढतो आणि रक्तद्रव दुधाळ दिसू शकतो. लाखो लोक उपाशी रांगेत उभे राहतात. त्यांतल्या विज्ञानाच्या पदवीधरांना तरी कारण ठाऊक असायला हवं.

दुसरं, उतरवून घेणारा कोण, हे. पोस्टाचा धडा शिकवताना फक्त टपालगाडीचं वर्णन केलं आणि पत्ता व पेटी वगळली, तर कसं होईल? यकृत स्वतः व्हीएलडीएल पाठवतं, त्यातला मेद उतरत उतरत एलडीएल उरतो, आणि तो पेशी आत घेतात रिसेप्टरच्या मदतीने. मायकेल ब्राउन आणि जोसेफ गोल्डस्टीन यांनी 1970च्या दशकात हा रिसेप्टर शोधला, 1985 मध्ये त्यांना नोबेल मिळालं. सुरुवात कुठून झाली? ज्या मुलांना लहानपणीच हृदयविकाराचे झटके येतात, अशा एका आनुवंशिक आजारातून. त्या मुलांच्या पेशींना एलडीएल उचलताच येत नव्हता.

इथे नियंत्रण स्वच्छ दिसतं. पेशीत पुरेसं कोलेस्टेरॉल झालं की ती स्वतःचं उत्पादन कमी करते आणि दारावरचे रिसेप्टरही कमी करते. कमी पडलं की दोन्ही वाढवते. स्टॅटिन गोळ्या यकृतातलं उत्पादन अडवतात. यकृताला वाटतं माल कमी पडला, ते रिसेप्टर वाढवतं आणि रक्तातला एलडीएल ओढून घेतं. रक्तातला आकडा उतरतो तो मुख्यतः या दुसऱ्या पायरीमुळे. फीडबॅक शिकवायला याहून चांगलं उदाहरण कुठलं? पण पदवीच्या नोट्समध्ये मी काय बघते, तर एक तक्ता: एलडीएल वाईट, एचडीएल चांगला.

या तक्त्याची मला खरी चीड आहे. दोन्हींत कोलेस्टेरॉलचा रेणू तोच. फरक खोक्याचा आणि तो कुठे जातोय याचा. 'चांगला' असेल तर वाढवू या, या तर्काने टोर्सेट्रॅपिब नावाचं औषध बनवलं गेलं. सुमारे 15,000 रुग्णांवर चाचणी झाली. एचडीएल सुमारे 70 टक्क्यांनी वाढला, आणि औषध घेणाऱ्यांत मृत्यू जास्त झाले. डिसेंबर 2006 मध्ये चाचणी थांबवावी लागली. त्या औषधाचे रक्तदाबावर आणि इतरत्र वेगळे दुष्परिणामही होते, हे मान्य. पण 2012 मध्ये जनुकीय अभ्यासातूनही दिसलं, की जन्मतः एचडीएल थोडा जास्त देणारा एक जनुकीय फरक असलेल्या लोकांना हृदयविकार कमी होत नाही. रक्तातला एचडीएलचा आकडा जास्त असणं आणि त्याने संरक्षण मिळणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. चांगला-वाईट असं शिकवलं की हा फरक विचारायची वाटच बंद होते.

श्वास: उत्तर बरोबर, प्रश्न गायब

तिसऱ्या धड्याच्या नावातच नियंत्रण आहे. म्हणून त्याच्याकडून जास्त अपेक्षा. मस्तिष्कपुच्छात लयीचं केंद्र, त्याच्या वर पॉन्समध्ये श्वास आखूड करणारं केंद्र, शेजारी रासायनिक संवेदनशील भाग, महाधमनीवर आणि मानेतल्या धमन्यांवर रिसेप्टर. कार्बन डायऑक्साइड आणि हायड्रोजन आयनांना प्रतिसाद. ऑक्सिजनचा वाटा नगण्य. चार-पाच नावं, चार-पाच जागा. मुलं त्याला 'लेबलिंगचा धडा' म्हणतात आणि ते बरोबर म्हणतात.

हॉल्डेन आणि प्रीस्टली यांनी ज्या प्रश्नाचं उत्तर दिलं, तो प्रश्न धड्यात असता तर? त्यांचं काम 1905 चं, म्हणजे मोराविट्झ यांच्याच वर्षीचं. प्रश्न साधा होता: आपण किती श्वास घ्यायचा हे कशावरून ठरतं? दोन उमेदवार, ऑक्सिजनची कमतरता किंवा कार्बन डायऑक्साइडचा साठा. त्यांनी फुप्फुसाच्या तळातली हवा तपासली. वेगवेगळ्या परिस्थितींत कार्बन डायऑक्साइड कमालीचा स्थिर निघाला. तो जेमतेम 0.2 टक्के वाढला, तरी श्वसन जवळजवळ दुप्पट होत होतं. म्हणजे शरीर याच आकड्यावर नजर ठेवून होतं. ऑक्सिजनवर लक्ष नसतं असं नाही. मानेतल्या कॅरोटिड बॉडी ते काम करतात, त्यासाठी कॉर्नेल हायमन्स यांना 1938 चं नोबेल मिळालं. पण त्यांचा गजर जोरात वाजतो तो रक्तातल्या ऑक्सिजनचा दाब साधारण 60 मिलिमीटरच्या खाली गेल्यावर. निरोगी माणसात तो 95 च्या आसपास असतो. मधे बरंच अंतर आहे, आणि त्या अंतरात गजर जवळजवळ गप्प.

आणखी एक गोष्ट. गजर वाजून श्वास वाढला, की कार्बन डायऑक्साइड बाहेर फेकला जातो. तो उतरला की मुख्य नियंत्रक म्हणतो, सगळं ठीक, हळू घ्या. दोन यंत्रणा एकमेकींच्या विरोधात ओढतात. कोविडमध्ये बऱ्याच रुग्णांना ऑक्सिजन 80 च्या घरात असूनही दम का लागत नव्हता, याचं मोठं उत्तर इथेच आहे. कार्बन डायऑक्साइड बाहेर पडायला अडचण नव्हती, त्यामुळे गुदमरल्यासारखं वाटत नव्हतं. काका ओट्यावर बसून गप्पा मारत होते, ते यामुळे. "कळलं नसतं का?" याचं प्रामाणिक उत्तर होतं: नाही, काका. कळण्याची सोय तिथे कमकुवत आहे.

'नगण्य' हा शब्द म्हणूनच मला खटकतो. समुद्रसपाटीवर शांत बसलेल्या निरोगी माणसापुरता तो चालेल. पण हा शब्द 'महत्त्वाचं नाही' असा ऐकू येतो. खरं तर तो धोक्याचा इशारा म्हणून शिकवायला हवा: ऑक्सिजन जीवनावश्यक आहे, आणि तो कमी होतोय हे सांगणारी यंत्रणा उशिरा जागी होते.

याचा दुसरा पुरावा विहिरीत आहे. उन्हाळ्यात पोरं पैजा लावतात, कोण जास्त वेळ पाण्याखाली राहतो. बुडी मारण्याआधी दहा-वीस खोल श्वास भराभर घेतात, 'हवा भरून' घेण्यासाठी. ऑक्सिजन त्याने फारसा वाढत नाही, कारण रक्त आधीच जवळजवळ पूर्ण भरलेलं असतं. कार्बन डायऑक्साइड मात्र खूप उतरतो. आता वर येण्याची तडफड सुरू व्हायला उशीर लागतो, तोवर ऑक्सिजन संपत येतो आणि पोरगं शुद्ध हरपतं, काहीही न जाणवता. पट्टीचा पोहणारा बुडाला की गावात लोक भलतीसलती कारणं शोधतात. अकरावीच्या पुस्तकात या एका उदाहरणाला तीन ओळी पुरतील. त्या तीन ओळी एखादा जीव वाचवू शकतात. पॉन्समधल्या केंद्राचं नाव कुणाला वाचवेल असं मला वाटत नाही.

धड्यांच्या मधली जागा

हृदयविकाराचा झटका नेमका कसा येतो हे विचारून बघा. बहुतेक जण सांगतील, चरबी साचून नळी अरुंद होत जाते आणि एक दिवस बंद पडते, मोरीच्या पाइपसारखी. पुस्तकही असंच सुचवतं: धमन्यांत मेद, कोलेस्टेरॉल, कॅल्शियम साचतं, मार्ग अरुंद होतो, आणि झटका म्हणजे अपुऱ्या रक्तपुरवठ्याने हृदयाच्या स्नायूला अचानक झालेली इजा. 'अचानक' का, हे नाही. बहुतेक वेळा होतं असं, की भिंतीतला मेदाचा साठा फुटतो, आतला माल रक्ताला दिसतो, शरीराला ती जखम वाटते आणि तिथे गुठळी होते. नळी मिनिटांत बंद. म्हणजे मेदाच्या धड्याचा शेवट आणि गोठण्याच्या धड्याची सुरुवात एकाच जागी भेटतात. एनसीईआरटीच्या पुस्तकात गोठणं आणि हृदयविकार एकाच प्रकरणात, काही पानांच्या अंतराने आहेत, आणि तरीही झटक्याच्या वर्णनात गुठळी नाही. झटक्याच्या वेळी डॉक्टर ॲस्पिरिन का चावायला लावतात, ते यामुळे कुणाला कळत नाही. ॲस्पिरिन चरबी विरघळवत नाही, ते प्लेटलेटना एकत्र येऊ देत नाही. आणि ज्या साठ्याने आधी नळी फारशी अरुंद केलेली नव्हती, तोही फुटू शकतो. म्हणून "ब्लॉकेज थोडंच आहे, काळजी नाही" हे वाक्य तितकंसं निर्धास्त नाही.

"एवढं मुलांना झेपेल का?"

हा आक्षेप येणार, आणि तो रास्त आहे. शिक्षकांकडे वेळ नाही, परीक्षा बहुपर्यायी आहे, एका वर्गात शंभर मुलं आहेत. मी स्वतः प्रात्यक्षिकाच्या तीन तासांत निम्मा वेळ जर्नल तपासण्यात घालवते. पण मी धडा वाढवा असं म्हणत नाहीये. बीएस्सीच्या मुलांकडून आपण तेरा फॅक्टर पाठ करून घेतो, म्हणजे झेपण्याची ताकद आहेच. फक्त ती कशावर खर्च करायची हा प्रश्न आहे. तेरा नावांऐवजी ठिणगी, भडका आणि ब्रेक. तक्त्याऐवजी खोका, पत्ता आणि दार. पाच जागांऐवजी एक प्रश्न: शरीर नजर कशावर ठेवतं आणि कशावर ठेवत नाही?

पाठांतराविरुद्धही माझं काही नाही. काही गोष्टी पाठ असाव्याच लागतात. माझ्या बाबतीत वाक्य पाठ होतं, हीच तर गंमत. ते वाक्य कुठल्या प्रश्नाचं उत्तर आहे हे मला कुणी सांगितलं नव्हतं, मीही विचारलं नव्हतं. त्यामुळे प्रश्न काकांच्या तोंडून, साध्या मराठीत, फोनवर समोर आला तेव्हा मी तो ओळखलाच नाही.

या सत्रापासून मी प्रात्यक्षिकाच्या सुरुवातीला एक छोटी गोष्ट करतेय. आकृती फळ्यावर काढायची, आणि मुलांना सांगायचं की यातला एक बाण पुसा आणि काय होईल ते सांगा. मग विचारायचं, हे सगळं थांबवणारं यात कुठे आहे? पहिल्या आठवड्यात कुणी बोललं नाही. दुसऱ्या आठवड्यात मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारलं, "मॅडम, पण मग बोट कापल्यावर सगळं रक्त का गोठत नाही?" मी खडू तिच्याकडे दिला. तिला उत्तर येत नव्हतं. पण धडा त्या दिवशी सुरू झाला.